गाढवातलं शेवटचं अक्षर

तिचं घरातलं नाव खपली. गुडघ्यावर, कोपरावर खपली धरली की ती नखाने उचकटून पाहायची, म्हणून आई ओरडायची, "अगं खपले, राहू दे ना ती! डाग राहील." आईचं म्हणणं खरं ठरलं, दोन्ही गुडघ्यांवर डाग राहिले. पुढे खपली मोठी झाली, लेखिका झाली, सभेत लोक तिला बाई म्हणू लागले. पण तिच्या दादासाठी ती शेवटपर्यंत खपलीच. तो तर म्हणे, "हिने धंदा बदलला कुठे? आधी स्वतःच्या काढायची, आता गावाच्या काढते."

तिच्या पुस्तकांच्या पाठीवर मोठमोठी विशेषणं छापलेली असत. पण हे सगळं सुरू झालं ते एका चुकीच्या अक्षराने, आणि ती चूक बहीणभावंडांनी मिळून केली होती.

तेव्हा दोघं एकाच वर्तमानपत्राच्या छापखान्यात कामाला होती. दादा खिळे जुळवायचा, खपली मुद्रितं तपासायची. खिळे म्हणजे शिशाची अक्षरं. लाकडी पेटीत प्रत्येक अक्षराचा आपापला खण. छापून झालं की खिळे सुटे करून परत ज्याच्या त्याच्या खणात टाकायचे. कधीतरी घाईत एखादा खिळा शेजाऱ्याच्या घरात जाऊन बसे. तसा एक व, ग च्या खणात जाऊन बसला.

वर्तमानपत्रात 'पंचवीस वर्षांपूर्वी' नावाचं सदर होतं. जुन्या अंकातली एखादी बातमी जशीच्या तशी पुन्हा छापायची. त्या दिवशी दोरा गिरणीच्या आगीची बातमी होती. रात्रपाळीच्या बायका आत अडकून मेल्या, ती आग. मूळ बातमीत वाक्य होतं, 'मागच्या दाराला कुलूप लागले होते.' दादाची बोटं सवयीने ग च्या खणात गेली आणि हाताला व लागला. खपलीने मुद्रित तपासलं, डोळे सवयीने पुढे सरकले. सकाळी साऱ्या शहराने वाचलं, 'मागच्या दाराला कुलूप लावले होते.'

दुपारच्या आत गिरणीमालकांकडून फोन आला. संपादकांनी दोघांना समोर उभं केलं. संपादक मनाने चांगले, पण तोंड फटकळ. चष्मा कपाळावर चढवून ते म्हणाले, "गाढव शब्द लिहिता येतो का तुम्हाला?"

दादाने मान डोलावली.

"गाढवात ग पण आहे आणि व पण आहे. तुम्हाला पहिलं अक्षर छापायचं होतं, तुम्ही शेवटचं छापलंत! उद्या दुरुस्ती. 'लावले ऐवजी लागले असे वाचावे.' जा, लिहून आणा."

बाहेर आल्यावर दादा पुटपुटला, "मधला ढ राहिला तेवढा, तो आपण दोघं."

खपलीला हसू आलं नाही. ती कागद पुढे ओढून बसली. 'लावले ऐवजी लागले असे वाचावे.' एक ओळ. पण हात पुढे जाईना. मुद्रित तपासणारीला एकच गोष्ट कळते, दुरुस्ती करायची ती बरोबर काय ते माहीत असेल तर. इथे बरोबर काय होतं? कुलूप लागलं होतं, म्हणजे कसं लागलं होतं? वाऱ्याने?

तिने संपादकांकडे एक दिवस मागून घेतला आणि आगीतून वाचलेल्या एका बाईचं घर शोधून काढलं. ती बाई आता शिवणकाम करत होती. मशीनवरून मान वर न करताच तिने सगळं ऐकलं. मग धागा दाताने तोडून म्हणाली, "भूक लागते, तहान लागते, ठेच लागते. कुलूप कुठलं लागायला बसलंय? आम्ही मागच्या दाराने चहाला पळतो म्हणून मालकांनी हुकूम काढला. मुकादम रोज बाहेरून लावायचा. आम्हाला ऐकू यायचं, खट्ट करून."

"हे तुम्ही कोणाला सांगितलं नाही?"

"सांगितलं की! चौकशीत सांगितलं. मालकांनी पण सांगितलं, छाती पुढे काढून. शिस्तीसाठी लावतो, किल्ली माझ्या घरी असते म्हणाले. लपवलंय कोणी? पेपरात तेवढं आपोआप लागलं."

तेच खपलीला झोंबलं. हे गुपित नव्हतंच. सगळ्यांना ठाऊक होतं. फक्त लिहिताना कोणीतरी एक अक्षर बदललं होतं, आणि त्या एका अक्षराने माणूस वाक्यातून उठून निघून गेला होता.

ती परत गेली. संपादकांनी हात पुढे केला, "दुरुस्ती?"

"दुरुस्ती नाही, साहेब. छापलंय ते बरोबर आहे. पंचवीस वर्षांपूर्वीचं चुकलं होतं."

संपादकांनी पुढे केलेला हात मागे घेतला. दुसऱ्या दिवशी दुरुस्ती छापली गेली नाही. तिने लिहून आणलेला लेखही छापला गेला नाही. पण ते म्हणाले, "वर्तमानपत्रात हे मावणार नाही. पुस्तकात मावेल. जुन्या अंकांची खोली तुमची समजा. आणि त्या भावाला सांगा, खिळे जागेवर टाक म्हणावं. एका घरात एक लेखक पुरे."

असं ते पहिलं पुस्तक झालं. मग जन्मभर तेच. शहराला पाणी मिळावं म्हणून वरच्या अंगाचं एक गाव पाण्याखाली गेलं होतं. सगळे म्हणत, 'ते गाव उठलं.' खपलीने तीन वर्षं शोध घेऊन लिहिलं, उठलं नाही, उठवलं, आणि कोणी कोणी उठवलं. वेड्यांच्या इस्पितळातल्या काही बायका बऱ्या होऊनही 'तिथेच राहिल्या' होत्या. तिने लिहिलं, ठेवल्या. कोणाच्या सहीने, कोणत्या नवऱ्याच्या, कोणत्या भावाच्या सोयीने. साथीच्या छावणीतली माणसं 'गेली' होती. कुठे गेली, कोणी जाऊ दिली? लोक तिच्या पुस्तकांना काळी पुस्तकं म्हणत. दादाची मुलगी तर तोंडावर म्हणायची, "आत्या, तुझ्या पुस्तकात कोणी सुखाने मरत नाही का गं?"

"सुखाने मेलेल्यांना माझी काय गरज?" खपली म्हणायची.

तिचा एक नेम होता. ज्यांच्याबद्दल लिहिलं, त्यांच्यापैकी कोणी हयात असेल, नाहीतर त्यांचं मूलबाळ असेल, तर छापण्याआधी त्यांच्यासमोर बसून ते पान मोठ्याने वाचून दाखवायचं. परवानगी मागायला नव्हे. तोंडावर वाचवत नाही ते पाठीमागे छापायचं नाही, एवढंच. लोकांनी तिला शिव्या दिल्या, चहा दिला, एकाने अंगावर कुत्रं सोडलं. पण पान वाचल्याशिवाय तिने पुस्तक छापायला दिलं नाही.

एकदा मात्र नेम पुरा झाला नाही, आणि तो पहिल्याच पुस्तकाच्या वेळी. मुकादमाची मुलगी. मुकादम तोवर वारला होता. मुलगी टेलिफोनच्या कचेरीत कामाला होती. खपली तीनदा तिच्या दारी गेली आणि तिन्ही वेळा दार उघडलं नाही. आत माणूस असल्याचं कळत होतं, पण दार उघडलं नाही. शेवटी ती उंबऱ्याबाहेर उभी राहून बंद दाराला पान वाचून आली. ते पुस्तक किती जणांनी उचलून धरलं, पण तिच्या मनात त्या दाराचा सल राहिला तो राहिलाच. आपण व लिहिला तो त्या मुलीच्या बापाच्या नावावर बसला. त्या मुलीचं काय झालं असेल?

आता या सगळ्याला चाळीसएक वर्षं झाली. गिरणीच्या जागी दुकानं आणि कचेऱ्या उभ्या राहिल्या. छापखान्यातले खिळे भंगारात गेले. दादाची पाठ वाकली. आणि एक दिवस खपलीला बोलावणं आलं, आगीत गेलेल्या बायकांच्या आठवणीचा दगड बसवायचाय, मजकूर तुम्ही लिहा.

तिने मजकूर लिहिला. लहानसा. बायकांची नावं, आणि खाली दोन ओळी: 'मालकांच्या हुकमाने मुकादमाने मागच्या दाराला कुलूप लावले होते. किल्ली मालकांच्या घरी होती.'

समितीची बैठक एका शाळेच्या वर्गात भरली. अध्यक्ष निवृत्त मुख्याध्यापक. शेजारी जुन्या गिरणीमालकांचा नातू, पन्नाशीकडे झुकलेला, नम्र माणूस. सगळे त्याला धाकटे मालक म्हणत. खपलीबरोबर दादाही आला होता, कारण तिला आता जिने एकटीने चढवत नाहीत. असं तिचं म्हणणं. त्याचं म्हणणं, त्यालाच चढवत नाहीत.

अध्यक्षांनी मजकूर वाचला आणि घसा साफ केला. "बाई, सुरेख झालाय. एकच सूचना आहे. अगदी अक्षराची. 'कुलूप लागले होते' असं केलं तर? आणि ती किल्लीची ओळ गाळायची. दगडावर जागा पण वाचेल."

दादा खालच्या आवाजात म्हणाला, "आलं बघ गाढव."

"काय म्हणालात?"

"काही नाही. आमचं घरगुती व्याकरण आहे."

खपली म्हणाली, "सर, तुम्ही मुलांना शिकवलंत ना, वाक्यात कर्ता लागतो म्हणून?"

"शिकवलं. पण दगडावर कर्ता आला की भांडण येतं."

धाकटे मालक पुढे झुकले. "बाई, मी तुमची सगळी पुस्तकं वाचलीत. चापलुसी करत नाही. माझ्यासाठी म्हणत नाहीये. मुकादमाची मुलगी अजून आहे शहरात. थकलीये. उद्या दगडावर तिच्या वडिलांचा उल्लेख, येणारे जाणारे वाचणार. तिला या वयात काय वाटेल?"

त्याने नेमकं जुन्या सलावर बोट ठेवलं होतं. चाळीस वर्षं सभांमधून, कोर्टाच्या नोटिशींपुढे, संतापलेल्या नातेवाइकांपुढे जी बाई कधी मागे सरली नव्हती, तिने अध्यक्षांपुढचा कागद परत आपल्याकडे ओढला. मग म्हणाली, "दोन दिवस द्या. मी तिला वाचून दाखवते. ती नको म्हणाली तर..."

"तर?" अध्यक्षांनी विचारलं.

"तर तुमचा ग घाला आणि माझं नाव काढा."

घरी येताना दादा म्हणाला, "आजवर कोणाच्या नको म्हणण्याने तू अक्षर बदललं नाहीस."

"आजवर माझ्यापुढे कोणी दार बंद ठेवलं नव्हतं, दादा. एकीनेच ठेवलं."

दुसऱ्या दिवशी दोघं गेली. तीच गल्ली, तेच दार, रंग तेवढा बदललेला. खपलीने कडी वाजवली आणि सवयीने एक पाऊल मागे सरकली. दार लगेच उघडलं.

मुकादमाची मुलगी आता म्हातारी झाली होती. केस पांढरे, पाठ ताठ, आवाज मात्र टेलिफोनवर लागतो तसा स्वच्छ. "या. यायला बराच उशीर केलात, बाई."

"मागे आले होते."

"माहितीये. तीन वेळा. तिसऱ्या वेळी तुम्ही वाचलंत ते दाराच्या आत बसून ऐकलं मी. चांगलं वाचता. चहा टाकते."

दादा इकडेतिकडे पाहत होता. कारागिराची नजर, ती दाराच्या बिजागऱ्यांवर गेली. "ताई, तुमच्या दाराला कुलपाची कडीच नाही?"

"नाही. आतून खिटी आहे. बाहेर जाताना शेजारणीला सांगून जाते. बाबांनी त्यानंतर घरात कुलूप येऊ दिलं नाही. पेटीला नाही, कपाटाला नाही. माझ्या सायकलला पण नाही. दोन सायकली गेल्या माझ्या." ती हसली. "तिसरी कोणी नेली नाही, इतकी भंगार होती."

खपलीने कागद काढला. तिने मजकूर वाचला. नावं वाचली, मग त्या दोन ओळी. मग समितीचं म्हणणं सांगितलं, आडपडदा न ठेवता. "तुम्ही म्हणाल तसं करू. 'लागले' म्हणाल तर लागले. तुमच्या वडिलांचा उल्लेख राहणार नाही."

मुकादमाच्या मुलीने कप खाली ठेवला. "राहणार नाही? अहो बाई, तुम्ही एवढं शिकलेल्या, आणि असं कसं बोलता? 'कुलूप लागलं' म्हटलं की लोक काय करतात ठाऊक आहे? मनातल्या मनात विचारतात, कोणी लावलं? आणि लगेच मनातल्या मनात उत्तर देतात, मुकादमाने. पुढचं कोणी विचारत नाही. सारं लहानपण मी कुलूपवाल्याची मुलगी होते. पेपरात बाबांचं नाव कधीच नव्हतं. तरी सगळ्यांना पाठ होतं. एकट्याचं."

तिने कप बाजूला सरकवला.

"बाबा पळत गेले होते मालकांच्या घरी, किल्ली आणायला. कुलूप दाबून बसायचं, लावायला किल्ली नको. काढायला हवी. ते परत येईपर्यंत संपलं होतं. हे मला घरात माहीत. बाहेर कोणाला सांगू? मग तुमचं पुस्तक आलं. चार-सहा महिने गेले असतील. भाजी घेत होते. शेजारी एक बाई उभी, ओळख ना पाळख. मला म्हणाली, 'अहो, तुमच्या वडिलांकडे किल्ली नव्हतीच ना?' एवढंच. मी पिशवी तिथेच ठेवून घरी आले आणि पोटभर रडले. मला जन्मात पहिल्यांदा कोणी तो प्रश्न विचारला होता."

दादाने चष्मा काढून पुसायला घेतला आणि पुसतच राहिला.

"मग तेव्हा कळवायचं होतंत मला," अखेर खपली म्हणाली. "मी इतकी वर्षं..."

"कळवणार होते. लाज वाटली. तीनदा दार लावून घेतलं होतं ना मी. लागलं नव्हतं काही ते." आणि ती इतकी मोकळी हसली की दादाही हसला.

"तर मग, लावले?" खपलीने विचारलं.

"लावले. आणि 'मुकादमाने' गाळलंत तर बघा. खोटं नको. त्यांनी लावलं होतं, ते स्वतः म्हणायचे. पण हुकूम आणि किल्ली, दोन्ही हवं. सगळे एका ओळीत उभे राहू देत. बैठक कधी आहे? मी येते."

ती आली. इस्त्रीची साडी, हातात पर्स, जणू कामावर निघालीये. धाकट्या मालकांनी उठून खुर्ची दिली. तिने सांगितलं ते त्यांनी खाली मान घालून ऐकलं. मग अध्यक्षांनी शेवटची खटपट केली, "बरं, लावले तर लावले. पण 'मालकांच्या' ऐवजी 'व्यवस्थापनाच्या' म्हणू या का?"

"व्यवस्थापनाला घर असतं का, सर?" खपली म्हणाली. "किल्ली घरी होती."

अध्यक्षांना हसू आवरेना. धाकटे मालक मात्र हसले नाहीत. त्यांनी विचारलं, "आजोबांनी हे चौकशीत स्वतः सांगितलं होतं ना?"

"स्वतः. ताठ मानेने."

"मग इतकी वर्षं आम्ही कोणापासून लपवत होतो?" त्यांनी कागद अध्यक्षांकडे सरकवला. "राहू द्या. आहे तसंच खोदा. दगडाचा खर्च आमच्याकडूनच जाईल, हे कबूल केलंय ते केलंय."

दगड घडवणाऱ्याचं आवार शहराच्या कडेला होतं. सगळीकडे पांढरी पूड, छिन्नीचा आवाज. अक्षरं आधी रंगाने आखून ठेवली होती. खोदण्याआधी एकदा तपासून जा, असा त्याचा निरोप होता. खपली आणि दादा गेले, आणि मुकादमाची मुलगीही गेली.

तपासायची रीत जुनीच. एकाने मूळ कागदावरून मोठ्याने वाचायचं, दुसऱ्याने छापलेल्यावर बोट फिरवत जायचं. कितीतरी वर्षांनी बहीणभाऊ तसे बसले. तो स्टुलावर कागद घेऊन, ती दगडापुढे वाकून. दादा एकेक नाव वाचत गेला, काना, मात्रा, वेलांटी सांगत. खपली प्रत्येक नावाशी "हं" म्हणत गेली. एका नावाची दुसरी वेलांटी पहिली झाली होती, ती तिने पकडली. दगडवाल्याने जीभ चावली आणि ओल्या फडक्याने पुसून नीट केली.

"मालकांच्या हुकमाने," दादा वाचत होता.

"हं."

"मुकादमाने."

"हं."

"मागच्या दाराला कुलूप..." दादा थांबला. त्याने कागदावरून नजर काढली. "आता नीट बघ. या शब्दाला तुझी नजर घसरते."

"तुझा हात घसरला होता. तू वाच."

"लावले. गाढवातलं शेवटचं."

खपलीने त्या अक्षरावर बोट ठेवलं. रंग अजून ओलसर होता, बोटाच्या टोकाला थोडा लागला. या एका अक्षरामागे तिचा जन्म गेला होता, आणि आज ते दगडात उतरणार होतं. आईने बजावलं होतं, डाग राहील. राहिला की. तिला फार बरं वाटलं.

"हं," ती म्हणाली. "बरोबर."

शेजारी मुकादमाची मुलगी तिची तीच, ओठ हलवत, खालची ओळ वाचत होती. किल्ली मालकांच्या घरी होती. तिने ती दोनदा वाचली. मग पर्स काखेत घट्ट धरून सरळ उभी राहिली.

दगडवाल्याने छिन्नी उचलली. "बाई, खोदू? नंतर दुरुस्ती होणार नाही हं."

"नकोच आहे," खपली म्हणाली. "खोदा."